डोळ्यावरचं टिंब

बेहिजे हानम आत शिरल्या त्या उघड्या छत्रीसकट. छत्री दाराच्या चौकटीत अडकली, दोन काड्या मोडल्या, पण बाईंचं तिकडे लक्षच नव्हतं.

“सेनिहा हानम तुम्हीच ना? तीन वाजता ते होजांना धरून नेणार आहेत!”

घड्याळात साडेबारा वाजले होते.

सेनिहाने आधी छत्री सोडवली, मग बाईंना खुर्चीत बसवलं. आठ वर्षं टेलिफोन एक्स्चेंजमध्ये बसून अख्ख्या इस्तंबूलची भांडणं ऐकल्यावर तिने ती नोकरी सोडली होती आणि कादिकोयच्या या दोन खोल्यांत लोकांची कोडी सोडवायचं दुकान मांडलं होतं. दुकानात दुसरं माणूस एकच, तिचे मामा. वेहबी कप्तान. तीस वर्षं फेरीबोट चालवून निवृत्त झालेले. त्यांचं डोकंही फेरीबोटीसारखंच होतं. वळायला वेळ लागायचा.

“कोण होजा? कोण धरणार?” मामांनी तोंडातला पावाचा घास न गिळताच विचारलं.

“रासिम होजा! सुलेखन करतात ते गुरुजी. सत्तरीचा माणूस हो, बोरू सोडून दुसरं हत्यार माहीत नाही त्यांना. आणि पोलीस म्हणतात, त्यांनी राष्ट्राचा अपमान केला. एका टिंबाने!”

“टिंबाने?”

“नसलेल्या टिंबाने!”

सेनिहाने खुंटीवरची हॅट काढली. “मामा, कोट घाला. उरलेलं बोटीवर ऐकू.”

“लोदोस सुटलाय,” मामा खिडकीतून समुद्राकडे बघत म्हणाले. “या वाऱ्यात पाऊणची बोट सुटली तर सुटली.”

बोट सुटली, पण अशी हेलकावे खात की समोरच्या बाकावरच्या बाईंची भोपळ्यांची पिशवी सगळ्यांच्या पायांत फिरत होती. बेहिजे हानम एका हाताने कठडा धरून बोलत होत्या, दुसऱ्या हातात एक छोटी बाटली होती. मधूनमधून त्या तिच्यातून घोट घ्यायच्या.

नवी रोमन अक्षरं येऊन तीन आठवडे झाले होते. दुकानदार शिड्या लावून पाट्या खरवडत होते, आज्या नातवंडांच्या शेजारी बसून बाराखडी गिरवत होत्या. उजवीकडून डावीकडे धावणारी जुनी अरबी लिपी एक जानेवारीपासून बंद. अशात एका जुन्या मदरशाच्या दालनात त्या लिपीतल्या कलाकृती मांडल्या होत्या आणि आज चार वाजता अंकाराहून सरकारी पाहुणे त्या बघायला येणार होते. त्यांना पटलं तर दालन कायमचं राहणार, रासिम होजांना आणि आणखी दोघा म्हाताऱ्यांना तिथेच काम मिळणार. नाही पटलं, तर सगळं गुंडाळून तळघरात.

“होजांचा फलक सगळ्यात मोठा,” बेहिजे हानम म्हणाल्या. “‘विद्या म्हणजे राष्ट्राचा डोळा.’ तीन महिने लिहीत होते. भोवतीची सोन्याची किनार मी केली. गुरुवारी दुपारी तो टांगला. आज सकाळी पोलिसांनी येऊन बघितलं तर ‘डोळा’वरचं टिंब गायब!”

मामांनी बोटाने हवेत अक्षरं काढली. गोझ म्हणजे डोळा, कोर म्हणजे आंधळा. जुन्या लिपीत दोन्ही शब्द हुबेहूब जुळे. फरक एका टिंबाचा.

मग मामांच्या डोक्यातली फेरीबोट वळली. “अरे बापरे! म्हणजे ‘विद्या म्हणजे राष्ट्राचा आंधळा’?”

“आणि सगळं राष्ट्र पाटी घेऊन बसलेलं असताना,” सेनिहा म्हणाली. “दालनाच्या किल्ल्या कोणाकडे?”

“तिघांकडे. संचालक मुनिर बे, त्यांचे चिटणीस नुझेत बे आणि मी. काल शुक्रवारची सुट्टी, पण आम्ही तिघंही येऊन गेलो. एकेकटे. सकाळी मी किनारीवर शेवटचा हात फिरवला. दुपारी मुनिर बे दिवे बघायला आले. संध्याकाळी नुझेत बे पाट्या लावायला.”

“तुम्हाला टिंब दिसलं?”

“मी किनार बघत होते हो!” बेहिजे हानमना रडू फुटलं. “चाळीस वर्षं बोरू तासून पडलेली सालपटं होजांनी एका पेटीत साठवलीत. सुलेखनकार गेला की त्याच्या शेवटच्या आंघोळीचं पाणी त्या सालपटांवर तापवायचं, ही जुनी रीत. आज सकाळी मला म्हणाले, बेहिजे, ती पेटी सांभाळ, मी तुरुंगातून परत येईन असं वाटत नाही.”



*

दालनात शिरताच आधी फलक दिसायचा. दोन माणसं हात पसरून उभी राहिली तर झाकतील एवढा. त्याच्या खाली एका स्टुलावर रासिम होजा बसले होते. नवी हॅट त्यांच्या डोक्यावर अशी ठेवलेली होती, जणू दुसऱ्या कोणाची सांभाळायला घेतलीय. हाताला काहीतरी चाळा हवा म्हणून ते एक बोरू तासत होते. सालपटं फरशीवर पडत होती आणि ते बघतही नव्हते.

“खाजगी गुप्तहेर?” पोलीस कमिसर हुलुसीने सेनिहाकडे वरपासून खालपर्यंत बघितलं. “आणि बाई?”

“दोन्ही एकदमच,” सेनिहा म्हणाली. “पत्र दाखवता?”

कमिसर वाईट माणूस नव्हता. त्याच्या कपाळावर घाम होता, नोव्हेंबरात. “मलाही वर उत्तर द्यायचंय, हानम. काल संध्याकाळी हे चौकीच्या दाराखालून कोणीतरी सरकवलं. तीनपर्यंत वेगळं काही निघालं नाही तर होजांना न्यावंच लागेल.”

निनावी पत्र नव्या अक्षरांत होतं. अक्षर सफाईदार. ‘मोठ्या फलकावर डोळ्याच्या जागी आंधळा लिहिले आहे. ही नव्या अक्षरांची टिंगल आहे. पाहुणे येण्याआधी दालन बंद करावे.’

सेनिहाने कागद खिडकीकडे धरला. नव्या अक्षरांतही टिंबांची काही कमी नव्हती.

“मामा, टिंबं बघा. प्रत्येक ओळीत उजवीकडची काळीभोर, आणि डावीकडे जाता जाता फिकी.”

“टाकातली शाई संपत आली असेल,” मामा म्हणाले.

“प्रत्येक ओळीत?”

“वाईट टाक.”

सेनिहाने स्टूल मागून घेतलं, भिंग काढलं आणि फलकावर नाक टेकेल इतकी जवळ गेली. टिंबाच्या जागी कागद पांढराशुभ्र होता. फक्त बाजूने बघितलं तर नखाएवढ्या जागेची चकाकी गेलेली. बोटभर अंतरावर ‘डोळ्या’चं शेवटचं वळण होतं, काठ न काठ शाबूत.

“होजा, टिंब तुम्ही दिलं होतं?”

“पोरी, साठ वर्षं लिहितोय. माझी भाकरी विसरेन, टिंब विसरणार नाही.”

“मग ते निघालं कसं?”

“चाटून.” होजांनी जिभेचं टोक दाखवलं. “कागदाला अंड्याच्या पांढऱ्याचा थर असतो, शाई काजळीची. ती आत मुरत नाही, वर बसते. चूक झाली की जिभेने उचलायची. म्हणून तर शिकलेल्या माणसाला आपल्याकडे ‘शाई चाटलेला’ म्हणतात.”

“ओल्या फडक्याने नाही निघणार?”

“निघेल. शेजारचं अक्षर घेऊन निघेल.”

मामांना राहवलं नाही. होजांचा सरावाचा एक जुना कागद त्यांनी मागून घेतला, बोट ओलं केलं आणि एका टिंबावर फिरवलं. अर्धी ओळ काळी झाली. मग त्यांनी जीभ लावली. उरलेली अर्धी ओळ काळी झाली, आणि मामांची मिशीही.

“शाबास कप्तान, अख्खा समुद्र चाटलात,” होजा म्हणाले. त्या दिवसात पहिल्यांदाच त्यांच्या चेहऱ्यावर काहीतरी हललं. “आम्हाला हे जमायला दोन वर्षं लागतात.”

“म्हणजे हे काम मुरलेल्या सुलेखनकाराचं,” सेनिहा म्हणाली.

म्हणाली मात्र, आणि तिलाच कळलं काय होऊन बसलं ते. मागे कमिसर उभा होता.

“आभारी आहे, हानम,” तो हळूच म्हणाला. “इथे मुरलेला सुलेखनकार एकच आहे.”

घड्याळात दोन वाजून पाच मिनिटं झाली होती.

*

“मला माहीत आहे कोण ते!” मामांनी तिला खांबामागे ओढलं. “बेहिजे! जीभ बघितलीस तिची? काळी कुळकुळीत!”

“आणि ओठ?”

“ओठही काळे.”

“जांभळे, मामा. तुतीचं सरबत पितात त्या, घसा धरलाय म्हणून. शाई चाटणारा ओठांना लावत नाही. तुमचीच मिशी पुसा आधी.”

संचालक मुनिर बे आपल्या खोलीत येरझाऱ्या घालत होते. गोल पोट, गोल चष्मा, आणि चिंतेने तोंडाचाही गोल झालेला.

“मी गुरुवारी संध्याकाळी फलक मोठ्याने वाचला,” ते म्हणाले. “डोळा असंच वाचलं. पण वाचताना टिंब कोण बघतं, हानम? वाक्य ठाऊक असलं की डोळा स्वतःच टिंब घालतो. कोर्टात शपथेवर नाही सांगू शकत मी.”

“तुम्हाला दालन नको होतं असं ऐकलं.”

“मला तिथे तैलचित्रं हवी होती,” त्यांनी सरळ कबूल केलं. “पण आता पाहुण्यांसमोर दालन बंद पडलं तर पहिली मान माझी उडेल.”

“तुमचा पत्ता लिहून देता? नव्या अक्षरांत?”

मुनिर बेंनी जीभ दातांत धरून लिहिलं. एकेक अक्षर बैल नांगराला जुंपावा तसं. पाच शब्दांना दोन मिनिटं लागली. बेहिजे हानमनी तर स्वतःच्या नावातलं एक अक्षर आरशातल्यासारखं उलटंच काढलं आणि होजांनी हात जोडले. “एवढ्यात नको, पोरी. मला अजून ‘अ’ सुद्धा येत नाही.”

राहिले नुझेत बे.

ते दालनातच सिगारेट ओढत होते. बत्तीस वर्षांचे, तुळतुळीत दाढी, फ्रेंच धाटणीचा कोट. राख झाडायला त्यांना रक्षापात्र लागत नव्हतं, फरशी पुरत होती.

“मला काय विचारणार?” ते हसले. “मी जिनिव्हात वाढलो. या भिंतीवरच्या गोष्टी माझ्यासाठी नक्षी. एक अक्षर ओळखत नाही.”

“मग पाट्या कशा लिहिल्या?”

“मुनिर बे वाचत गेले, मी नव्या अक्षरांत लिहीत गेलो.”

बेहिजे हानमनी खोकून बाटलीतला घोट घेतला. शिष्टाचार म्हणून त्यांनी बाटली नुझेत बेंपुढेही केली. त्यांनी वास घेतला आणि नाक मुरडलं. “लवंग नाही घातलीत? तुतीच्या सरबतात लवंग नसेल तर घशाला काय उपयोग?”

“माझी आईसुद्धा हेच म्हणायची,” बेहिजे हानम ओशाळून म्हणाल्या.

बोलता बोलता नुझेत बे फलकापाशी गेले. होजांच्या स्टुलाजवळ आल्यावर त्यांनी पाय आखडता घेतला, वाकले, फरशीवरची बोरूची सालपटं एकेक करून वेचली आणि हातरुमालात बांधून खिशात टाकली. “पाहुणे यायचेत, आणि हा पसारा,” ते पुटपुटले. मग सिगारेटची राख त्याच फरशीवर झाडून निघून गेले.

“टापटिपीचा माणूस,” मामा कौतुकाने म्हणाले.

सेनिहा बाजूच्या भिंतीकडे बघत होती. तिथे काचेखाली, मोहोर लावलेल्या चौकटींत, बारा इजाजतनामे टांगले होते. शिष्य तयार झाला की गुरू त्याला स्वतःच्या नावाने सही करायची इजाजत लिहून द्यायचा, ते हे कागद.

“मामा, पाट्या वाचा.”

मामा नव्या अक्षरांशी झगडत सरकत राहिले. सातव्याशी थबकले. “इथे लिहिलंय, ‘नाव पुसट, वाचता येत नाही.’ हा काय प्रकार? मला तर स्वच्छ वाचता येतंय. ‘बुर्साच्या सरबतवाल्या इद्रिसचा मुलगा, वय सोळा’...”

“पावणेतीन!” दारातून कमिसरचा आवाज आला. “होजा, कोट घालून घ्या.”

होजांच्या हातून बोरू पडला. बेहिजे हानमनी त्यांचा कोट धरला, पण बाही त्यांना सापडेना. एक हात दोनदा हवेतच गेला.

मामांचे डोळे भरून आले. “सेनिहा, कर ना काहीतरी. मला तर वाटतं हे दोघांचं काम आहे. जीभ एकाची आणि हात दुसऱ्याचा. चाटायला जुना सुलेखनकार हवा, आणि पत्र लिहायला नव्या अक्षरांत मुरलेला माणूस. असा एक माणूस इथे आहे कुठे?”

सेनिहा त्यांच्याकडे बघतच राहिली. मग तिने चारचौघांत मामांच्या शाई लागलेल्या गालाचा मुका घेतला.

“मामा, सातव्या कागदावरचं नाव पुरं वाचा. मनातल्या मनात. आणि तिथेच उभे राहा.”

*

तीनला दोन मिनिटं असताना सगळे फलकाखाली जमले. कमिसर, मुनिर बे, बेहिजे हानम, नुझेत बे, आणि एका बाहीत हात घातलेले होजा.

“लवकर, हानम,” कमिसर म्हणाला.

“लवकरच. टिंब चाटणारा आणि पत्र लिहिणारा एकच आहे. टिंब गेलं शुक्रवारी, दालन बंद असताना. आज सकाळी तुम्ही येईपर्यंत कोणाच्याही ते लक्षात आलं नव्हतं. मग काल संध्याकाळीच पत्र लिहिणाऱ्याला ते ठाऊक कसं?”

“बरोबर.”

“होजांना नवी अक्षरं येत नाहीत. म्हणजे पत्र त्यांचं नाही, म्हणजे टिंबही त्यांनी घेतलं नाही. बेहिजे हानम आणि मुनिर बे नवी अक्षरं कशी लिहितात ते या कागदांवर बघा. हे सफाईदार पत्र लिहायला त्यांना बायरामचा सण उजाडेल.”

सगळ्यांच्या माना एकाच दिशेला वळल्या.

नुझेत बेंनी सिगारेट शांतपणे टाचेखाली विझवली. “आणि चाटायचं? तुम्हीच म्हणालात, मुरलेला सुलेखनकार हवा. मी जिनिव्हात वाढलोय, बाईसाहेब.”

“पत्रातली टिंबं तसं म्हणत नाहीत. नवी अक्षरं लहानपणापासून लिहिणारा माणूस शब्द संपला की टिंब देतो आणि पुढे जातो. तुम्ही आधी पूर्ण ओळ लिहिलीत, टाक शाईत बुडवलात आणि मग सगळी टिंबं एकदम दिलीत. उजवीकडून डावीकडे. म्हणून उजवीकडची काळी आणि डावीकडची फिकी. आधी अक्षरांचा सांगाडा, मग टिंबं. ही शिस्त कुठली, होजा?”

“आमची,” होजा सावकाश म्हणाले.

“अंदाज,” नुझेत बे म्हणाले. “निव्वळ अंदाज.”

“तुमचा हातरुमाल दाखवता?”

“काय?”

“हातरुमाल.”

नुझेत बेंनी तो बाहेर काढला. गाठ सुटली आणि बोरूची सालपटं त्यांच्या तळहातावर पसरली. ते त्यांच्याकडे असे बघत राहिले, जणू ती दुसऱ्याच कोणीतरी खिशात घातली होती.

“तुम्ही टापटिपीचे नाही,” सेनिहा म्हणाली. “राख जिथे पडेल तिथे टाकता. पण या सालपटांवर तुमचा पाय पडेना. तुम्ही ती केरात टाकली नाहीत, जपून बांधून घेतलीत. शेवटच्या आंघोळीचं पाणी यांच्यावर तापतं, हे बोरू धरणाऱ्याच्या अंगात भिनलेलं असतं. तुम्ही दाढी काढलीत, कोट बदललात, पाय मात्र तोच राहिला.”

बाहेर वाऱ्याने एक खिडकी आपटली.

“पण का?” मुनिर बेंचा आवाज चिरकला. “होजांनी याचं काय वाकडं केलं होतं?”

“होजांशी वैर नव्हतंच. पत्रात ‘होजांना पकडा’ असं कुठे आहे? ‘पाहुणे येण्याआधी दालन बंद करावे.’ त्यांना दालनातलं काहीतरी पाहुण्यांपासून लपवायचं होतं. मुनिर बे, गुरुवारी सातवा इजाजतनामा तुम्ही वाचलात. नाव पुसट होतं?”

“छे! स्पष्ट होतं. नुझेत! मी हसलोही, म्हटलं, हा बघा तुमचा नावबंधू!” मुनिर बे थांबले. चष्म्यामागचे डोळे अजून गोल झाले.

“मामा?”

मामा काचेपाशीच उभे होते. त्यांनी कप्तानाच्या आवाजात, बंदराचं नाव पुकारावं तसं वाचलं, “बुर्साच्या सरबतवाल्या इद्रिसचा मुलगा नुझेत. वय सोळा!”

“तुतीच्या सरबतात लवंग,” बेहिजे हानम कुजबुजल्या.

“चौकटीला मोहोर आणि यादीत नोंद, कागद काढता येईना,” सेनिहा म्हणाली. “तुम्ही पाटीवर ‘पुसट’ लिहिलंत, पण ज्याला जुनं वाचता येतं त्याला ती पाटी किती वेळ फसवणार? आज येणाऱ्या पाहुण्यांत कोणी बुर्साचं, इद्रिसच्या मुलाला ओळखेल असं आहे का, मुनिर बे?”

“दोघं आहेत,” मुनिर बे म्हणाले.

नुझेत बे खाली बसले. स्टुलावर नाही, फरशीवर, पाय दुमडून, मांडीवर कागद ठेवायला बसतात तसे.

“जिनिव्हा मी नकाशात पाहिलंय फक्त,” ते म्हणाले. “युद्धात कैद झालो. सुटल्यावर मार्सेयच्या गोदीत तीन वर्षं खोक्यांवर नावं रंगवली, तिथे ही अक्षरं शिकलो. परत आलो तर बोरूवाल्याला कुणी दारात उभं करेना. अर्जात जिनिव्हा लिहिलं आणि दुसऱ्या दिवशी नोकरी मिळाली. एवढं एकच खोटं. मग ते रोज जगावं लागलं. कुठे जुनी पाटी दिसली की मान फिरवायची, चुकून वाचली जाऊ नये म्हणून.” त्यांनी होजांकडे बघितलं नाही. “वाटलं होतं, दालन बंद करतील फक्त. होजांना धरतील असं...”

“सकाळपासून होजा समोर बसलेत,” सेनिहा म्हणाली. तिचा आवाज पहिल्यांदाच चढला. “तुम्ही तोंड उघडलं नाहीत.”

“नाही उघडलं.”

कमिसरने वही मिटली. “होजा, तुम्ही मोकळे.”

होजांनी मोकळं झाल्यासारखं काहीच केलं नाही. ते फलकाकडे बघत होते. “आणि हा?”

सगळे विसरलेच होते. फलकावर अजून आंधळाच होता आणि चार वाजायला अर्धा तास.

मामांनी आणि कमिसरने मिळून फलक खाली उतरवला, मेजावर आडवा ठेवला. बेहिजे हानमनी दौत आणली. होजांनी बोरू शाईत बुडवला, कागदावर नेला आणि तिथेच थांबले. बोरूचं टोक पानासारखं थरथरत होतं. त्यांनी मनगट दुसऱ्या हाताने धरलं. आता दोन्ही हात थरथरायला लागले.

“सकाळपासून खाल्लं नाही काही त्यांनी,” बेहिजे हानम म्हणाल्या. “मी देऊ का?”

“तुझा हात कुंचल्याचा, पोरी. अक्षर किती मोठं हे टिंबावरून मोजतात. टिंब चुकलं की सगळं चुकलं.” होजांनी बोरू उलटा करून पुढे धरला. फरशीवर बसलेल्या माणसापुढे. “तू ये.”

नुझेत बेंचा चेहरा पांढरा पडला. “होजा, मी हे सगळ्यांसमोर केलं तर मुनिर बेंना मला आजच काढावं लागेल. लपवायला काही उरणारच नाही.”

“हो,” होजा म्हणाले. “ये.”



नुझेत बे उठले. कोट काढून त्यांनी खुर्चीवर टाकला, बाह्या दुमडल्या. बोरूचं टोक नखावर टेकवून बघितलं, शाई निथळू दिली, श्वास रोखला. बोरू एकदाच टेकला आणि तिरका सरकला.

होजा वाकले. नाक कागदाला लागेपर्यंत वाकले.

“कोणाचा शिष्य तू?”

“बुर्साच्या तालिब एफेंदींचा.”

“तरीच,” होजा म्हणाले. एवढंच.

कमिसर घसा खाकरून पुढे आला. खोटा अर्ज, निनावी पत्र, सरकारी दालनातली नासधूस, असं बरंच त्याला म्हणायचं असावं. त्याने नुझेत बेंच्या कोपराला हात लावला.

“थांबा,” होजा म्हणाले. “शाई ओली आहे. आता इथे कोणी हलायचं नाही. धूळ उडेल.”

बाहेर पाहुण्यांच्या मोटारी वेळेआधीच थांबल्याचा आवाज आला. मुनिर बे धडपडत दाराकडे धावले, त्यांनी दार उघडलं आणि लोदोस अख्ख्या दालनात शिरला. पाट्या फडफडल्या. नुझेत बेंनी दोन्ही हात पसरले आणि ते मेजावर ओणवे झाले, छातीखाली फलक, पाठीवर वारा.

कमिसरचा हात अजून त्यांच्या कोपरावरच होता. त्याने तो काढून घेतला, आपली टोपी काढली आणि ओल्या शाईच्या उघड्या राहिलेल्या बाजूला ती वाऱ्यापुढे आडवी धरली.